वाट्यानं दिलेली मेंढरं

आमच्या घरात 'अटकपूर्व' हा शब्द शिरला तेव्हा हिंगोली जिल्हा नुकताच वेगळा झाला होता. जिकडेतिकडे पाट्या बदलणं चालू होतं. परभणीचं नाव पुसून त्यावर हिंगोली लिहायचे आणि खालचं परभणी पुन्हा वर डोकावायचं. कचेऱ्यांना जागा नव्हत्या, जागा होत्या तिथं कपाटं नव्हती. त्या गोंधळात आमचे हे एका सरकारी कार्यालयात तालुक्याचे साहेब झाले. कार्यालयाचं नाव मी लिहीत नाही. आता तिथं दुसरी माणसं बसतात, त्यांना उगीच झळ कशाला?

आम्ही दोघंही मेंढपाळांच्या घरातले. फरक एवढाच की यांच्या घरातून आजोबांच्या काळातच मेंढरं गेली, शेती आली, शाळा आली. माझ्या माहेरी वडील असेपर्यंत कळप होता. लग्नात मला मांडवात बसायला जे घोंगडं घातलं होतं ते आमच्याच मेंढरांच्या लोकरीचं होतं. ह्यांना मेंढरू आणि बोकड यातला फरक कळायचा, पण लांबून नाही. मी यावरून त्यांना खूप चिडवायची. साहेब झाल्यावर तर जास्तच.

म्हणूनच ती योजना यांच्याकडे आली तेव्हा मला हसू आलं होतं. नवरा नसलेल्या, शेत नसलेल्या बायकांना सरकारनं मेंढ्या घेऊन द्यायच्या अशी ती योजना. एक व्यापारी मेंढ्या पुरवणार, कार्यालयातला बाबू कागद करणार आणि साहेब स्वतः गावात जाऊन, मेंढ्या डोळ्यांनी बघून सही करणार. मी म्हटलं, "बघायला जाताना मला घेऊन चला, न्हाईतर शेळ्या दाखवून सही घेतील तुमची." हेही हसले होते.

पुढच्या थंडीत कोणीतरी वरती अर्ज केला. चौकशीचं पथक गाड्या घेऊन पुसेगावच्या बाजूच्या खेड्यांत फिरलं. कागदावर प्रत्येक बाईच्या नावानं मेंढ्या दिलेल्या होत्या आणि अंगणात एकही मेंढरू नव्हतं. यांच्यावर, बाबूवर आणि व्यापाऱ्यावर गुन्हा दाखल झाला. गोरगरीब बायकांचा पैसा खाल्ला, खोटे कागद केले, असा.

बातमी बाबूनंच आणली, स्कूटरवर, भर दुपारी. गाडी बंद न करताच म्हणाला, "वहिनी, साहेबांना म्हणावं आज घरी नको." हे जेवत होते. ताटावरून उठले, हात धुतला आणि जेवणाचा डबा पिशवीत घालून वसमतच्या बसमध्ये बसले. तिथं यांच्या मावसभावाची हळदीची वखार होती. बाबू स्वतः कुठं गेला ते कळलं नाही. व्यापाऱ्याचं तर नावच नको.

अटकेत नेमकी भीती कशाची होती, तेही सांगते. सरकारी माणूस दोन दिवस कोठडीत राहिला की आपोआप निलंबित होतो. मग खटला कधी का लागेना, अर्ध्या पगारावर घरी बसायचं. मुलगी परभणीला डी.एड. करत होती. पण खरं सांगू का, मला पगाराची भीती नव्हतीच. मला भीती होती ती यांना बाजाराच्या दिवशी, ओळखीच्या माणसांतून, हवालदाराच्या मागं चालत नेतील त्याची. आमच्या माणसांतले हे पहिले साहेब. मी ती मिरवणूक रोज डोळ्यांपुढं बघत होते.

हवालदार दोनदा येऊन गेला. तो आमच्याच गल्लीत, समोरच्या घरात राहायचा, त्यामुळे त्याला यायलाही कसंसंच व्हायचं. मी सांगितलं, साहेब दौऱ्यावर आहेत. त्यानं चहा घेतला आणि कप खाली ठेवत म्हणाला, "दौरा लई लांबला, बाई." मग उठून गेला. गल्लीतल्या बायका मात्र येईनाशा झाल्या. काल-परवापर्यंत ज्या यांच्या ओळखीवर भाच्या-पुतण्यांना नोकरी लावायला बघत होत्या, त्यांना आता आमच्या दारावरून जाताना पदर सावरायची आठवण व्हायची.

परभणीला वकील गाठला. सेशन कोर्टात अटकपूर्व जामिनाची कामं करण्यात त्याचा हातखंडा होता. हे वसमतहून आले, मी हिंगोलीहून गेले. यांच्या अंगाला हळदीचा वास येत होता, शर्टाची कॉलर पिवळी झाली होती. मला त्यातही हसू आलं आणि लगेच रडू आलं.

वकिलानं कागद वाचले आणि चष्मा काढून सरळ विचारलं, "साहेब, सह्या राहू द्या. कोर्ट मला एकच विचारणार. मेंढ्या कुठं आहेत?"

हे वरच्या पंख्याकडे बघत बसले. मला राहवेना. माणूस भीतीनं बधिर झालाय, याला काय सुचणार, असं वाटलं. मी म्हटलं, "थंडीत मेंढरं घरी कशी असतील? वाड्यावर असतील."

"कुठल्या वाड्यावर?" वकिलाला वाटलं मी कुणाच्या घराविषयी बोलते आहे.

मग मी त्याला सगळं समजावून सांगितलं. वाडा म्हणजे चालत्या कळपाचा मुक्काम. दिवाळी झाली की आमची माणसं कळप घेऊन निघतात, कापसाच्या, तुरीच्या मोकळ्या रानात मेंढरं बसवतात, शेतकऱ्याला खत मिळतं, यांना दाणा मिळतो. पावसाच्या तोंडाशी परत येतात. आता एकट्या म्हाताऱ्या बाईला चार मेंढ्या दिल्या तर ती काय त्यांच्यामागं रानोमाळ फिरणार? ती आपली मेंढरं एखाद्या मोठ्या कळपात वाट्यानं घालते. सांभाळ त्याचा, मेंढरं हिची, कोकरं निम्मी-निम्मी. माझे वडील अशी किती बायकांची मेंढरं सांभाळायचे. कोणाचा कागद नाही, कोणाचा अंगठा नाही, कानाला मारलेली खूण तेवढी. थंडीत अंगणात जाऊन मेंढरं शोधणाऱ्या पथकानं आधी कुणाला तरी विचारायला पाहिजे होतं.

बोलता बोलता मला चेव आला होता. वकील लिहून घेत होता. शेवटी पेन ठेवून म्हणाला, "वहिनी, हे तुम्ही आधीच का नाही सांगितलं? साहेब, तुमची केस वहिनींनी उभी केली."

हे माझ्याकडे बघून किंचित हसले. मला अभिमान वाटला. माहेरचं काहीतरी यांच्या उपयोगी पडलं, असं मला वाटलं.

होळीच्या आधी अंतरिम आदेश मिळाला. म्हणजे कायमचा जामीन नाही, पण पुढच्या तारखेपर्यंत अटक करायची नाही. अटी होत्या. दर सोमवारी पोलीस ठाण्यात हजेरी लावायची. तपासाला मदत करायची. आणि साक्षीदारांना भेटायचं नाही, बोलायचं नाही, त्यांच्यावर कुठल्याही तऱ्हेनं दबाव आणायचा नाही. वकिलानं ही शेवटची अट मला तीनतीनदा समजावली. "वहिनी, त्या बायका साक्षीदार आहेत. त्यातली एखादी तुमच्या दारात नुसती उभी दिसली तरी सरकारी वकील जामीन रद्द करायला धावत येईल. कळलं ना?"

मला कळलं होतं. मी घरी येऊन अंगण झाडलं, दाराला पाणी घातलं. हे स्वतःच्या घरात, स्वतःच्या खाटेवर जेवून झोपले. त्या दुपारी मी कितीतरी वेळ नुसती त्यांचा घोरण्याचा आवाज ऐकत बसले होते. एरवी त्या आवाजानं माझं डोकं उठायचं.

सोमवारी हे इस्त्रीचे कपडे घालून हजेरीला जायचे, जसं काही मीटिंगला निघालेत. ठाण्यात बाकावर बसवून ठेवायचे, मग सही घ्यायचे. त्यांनी ज्यांना पूर्वी उभं ठेवलं होतं त्यातलेही काही त्या बाकावर शेजारी यायचे. घरी आल्यावर हे पाय धुवायला वेळ लावायचे.

तपासाचा फौजदार खेड्यांत जाऊन बायकांचे जबाब घेऊन आला. दोन दिवसांनी बाबू उगवला. त्यालाही अंतरिम जामीन मिळाला होता, तो पुन्हा स्कूटरवर होता. ओसरीत बसून मांडीवर थाप मारून म्हणाला, "साहेब, बाया बराबर बोलल्या. मिळाली म्हणल्या. वाट्यानं दिलीत म्हणल्या." मी आत भाकऱ्या थापत होते. मला वाटलं, बघा, खरं ते खरंच. मी बाबूला दोन भाकऱ्या आणि ठेचा वाढला. तो मिटक्या मारत जेवला.

शेवटच्या सुनावणीच्या आधीचा सोमवार. हे हजेरीला गेलेले. मी अंगणात मिरच्या वाळत घालत होते. फाटक वाजलं. एक म्हातारी उभी. खांद्यावर घडी केलेलं काळं घोंगडं, हातात काठी, पायांत टायरच्या चपला, चालून चालून पोटऱ्यांवर धूळ चढलेली. मला तर माहेरचं माणूस आल्यासारखंच वाटलं.

"साहेबांचं घर हेच न्हवं का, बाई?"

"व्हय माय, या की. कुठून आलात?" मला माझी भाषा अशी बोलायला मिळून वर्षं झाली होती.

"पुसेगावच्या फुडून. जीपनं आले, मंग चालत. वाईच पानी दे, मंग सांगते."

मी आत जाऊन तांब्या भरून आणला. पाणी देता देता आमच्यात विचारतात तसं विचारलं, "यंदाची लोकर आली का?" होळीच्या सुमाराला कातरणी होते. मेंढरं दुसऱ्याच्या कळपात असली तरी लोकरीचा निम्मा वाटा मालकिणीच्या घरी पोचतो. बाया ती पिंजतात, चातीवर सूत काढतात, कुणाला घोंगडं करायचं ते करतात. मेंढरांच्या माणसांत हा प्रश्न पाऊस कसा आहे, याच्यासारखा. उत्तरासाठी विचारायचा नसतो.

म्हातारी हसली. तोंडात थोडेच दात होते. "कशाची लोकर, बाई? मेंढरं तर आज न्यायला आले."

तांब्या माझ्या हातातच राहिला.

"त्या बाबूनं सांगितलं हुतं आमाला," ती म्हणाली, अगदी सहज. "साहेब आत गेले तर मेंढरं बुडाली. साहेब सुटले तर मेंढरं घरपोच. पोलिसानं इचारलं तर मिळाली म्हना, वाट्यानं वाड्यावर घातलीत म्हना. आमी सगळ्याजनी तसंच म्हनलो. परवा जीपमंदी लोक बोलून राहिले, साहेब सुटले, घरी आले. मंग म्हनलं आपनच जाऊन आनावीत. एवढ्या लांब कोन पोचवनार? बायका म्हनल्या, तू जा, तुला हाकायला येतं." बोलता बोलता तिची नजर माझ्या मागं, घराच्या बाजूला, न्हाणीच्या आडोशाला फिरत होती. ती मेंढरं शोधत होती. तिला वाटत होतं ती माझ्याच परसात बांधलेली असतील.

मग तिनं पदराची गाठ सोडली. आत भंडारा होता. नवं जनावर दारात आलं की त्याच्या कपाळाला भंडारा लावायचा ही आमची रीत. माझी आईही लावायची. ही बाई हिंगोलीपर्यंत तो गाठीला बांधून आली होती.

समोरच्या घराचं दार उघडं होतं. हवालदाराची बायको उंबऱ्यात तांदूळ निवडत बसली होती आणि आमच्याकडेच बघत होती. तेव्हा माझ्या डोक्यात वीज चमकावी तसा वकिलाचा आवाज आला. ही साक्षीदार आहे. ही माझ्या दारात उभी आहे. उद्या परवा तारीख आहे.

"माय, तुमी जा," मी म्हटलं. "इथं थांबू नका. इथं यायचं न्हाई तुमी."

"काहून?"

"कोर्टानं मना केलंय."

"कोर्टानं? मला?" तिला ते खरंच कळेना. "मी काय केलं, बाई?"

मी तिला जवळजवळ ढकलतच फाटकाबाहेर नेलं. तांब्या माझ्या डाव्या हातात तसाच, भरलेला. ती तांब्याकडे बघत होती. तिला पाणी दिलं असतं तरी कोणी मला फासावर चढवणार नव्हतं, पण त्या घडीला मला वाटलं की हे पाणी तिच्या तोंडाला लागलं की समोरची बाई बघेल, सांगेल आणि यांना बाजारातून चालवत नेतील. मी फाटकाची कडी लावली.

फाटकापलीकडून ती म्हणाली, "बरं, बरं. बांधाबांध व्हायची असंल. मी फुडल्या सोमवारी येते." आणि काठी टेकत निघून गेली.

हे आले तेव्हा मी चुलीपुढं बसले होते आणि चूल पेटवलेली नव्हती. मी सगळं सांगितलं. ऐकून घेतल्यावर त्यांच्या तोंडून पहिला प्रश्न निघाला तो असा, "कुणी बघितलं का तिला?"

तेवढ्यावरच मला सगळं कळलं. तरी माणूस हट्टानं विचारतोच. मी म्हटलं, "मेंढरं दिली होती का न्हाई?"

त्यांनी टोपी काढून खुंटीला लावली. मग मार्चअखेरीचं सांगायला लागले. निधी खर्च झाला नाही तर परत जातो, वरून रोज फोन, व्यापारी म्हणाला आधी बिल काढा, आठ दिवसांत मेंढ्या गावात उभ्या करतो. बाबूनं कागद पुढं सरकवले. यांनी न बघता, बघितलं म्हणून सही केली. व्यापारी गायब झाला. नंतर त्याच्याकडून बाबूनं काही आणलं, त्यातलं काही घरात आलं. "कुठलं?" मी विचारलं. माझी नजर फिरली. घरात नवं होतं ते मुलीच्या डी.एड.चं डोनेशन आणि न्हाणीवरचा पत्रा.

"मग वकिलापुढं मी बोलत होते तेव्हा तुमी गप्प काहून बसलात?"

हे म्हणाले, "तू इतकं बराबर सांगत होतीस, की मलाच वाटलं, असतीलही."

मला अजून वाटतं की हे ते खरं बोलले. माझा संताप त्यामुळे कमी झाला नाही, वाढलाच. चोरानं खोटं बोलावं, त्याचं काही नाही. पण माझ्या बापाची रीत, ज्या रीतीत कागदावाचून एकानं दुसऱ्याची मेंढरं वर्षानुवर्षं सांभाळली, ती मी स्वतः उचलून यांच्या अंगावर पांघरूण म्हणून घातली होती. यांच्याकडून ती बाबूकडे गेली, बाबूकडून बायांकडे, आणि ज्यांची मेंढरं गेली त्याच बाया आता ते पांघरूण धरून उभ्या होत्या. मी त्या दिवशी यांना जेवायला वाढलं नाही. त्यांनी मागितलंही नाही.

सुनावणीला मी गेले नाही. संध्याकाळच्या बसनं हे आले, हातात पेढ्यांचा पुडा. जामीन कायम झाला होता. वकिलानं माझ्यासाठी आदेशाची नक्कल पाठवली होती, इंग्रजीत टाइप केलेली, आणि एका ओळीखाली पेन्सिलीनं रेघ ओढली होती. हे वाचून दाखवत होते. या भागातल्या मेंढपाळांत जनावरं वाट्यानं देण्याची प्रथा आहे, ती लक्षात घेता अंगणात मेंढ्या दिसल्या नाहीत एवढ्यावरून काही सिद्ध होत नाही, आणि बायकांचे जबाबही तेच सांगतात, अशा अर्थाचं काहीतरी होतं ते. माझ्या वडिलांना स्वतःचं नाव लिहिता येत नव्हतं. मी पेढा घेतला नाही. हे एकटेच दोन पेढे खाऊन झोपले.

पुढचा सोमवार. अटी तशाच होत्या, हजेरी चालू होती. हे इस्त्रीचे कपडे घालून बाहेर पडले आणि त्यांच्या मागं मी चप्पल घालून बाहेर पडले. ती गल्लीत यायच्या आधीच तिला गाठायचं होतं. सेनगावकडच्या जीपा जिथं थांबतात तिथं लिंबाखाली उभी राहिले. मी काय करते आहे ते मला पक्कं माहीत होतं. मी जे सांगणार होते ते तिनं फौजदाराला सांगितलं असतं तर त्याच आठवड्यात हे आत गेले असते, आणि पाठवणारी मी असते. रात्रभर विचार करून मी तेवढं ठरवलं होतं. यांच्यावर राग होता म्हणून का बाईची कीव आली म्हणून, ते वेगळं करता येत नाही.

खचाखच भरलेल्या जीपमधून ती उतरली. मला बघून तिला आनंद झाला. "न्यायला आलीस, बाई? बांधली का मेंढरं?"

मी तिला बाजूला घेतलं. "माय, मेंढरं न्हाईत. कधीच नव्हती. साहेबांनी न बघता सही केली. आता मिळायची पण न्हाईत. तुमी पोलिसात जाऊन खरं सांगा. बाबूनं शिकवलं म्हणून खोटं बोललो, असं सांगा."

ती काठीवर दोन्ही हात ठेवून ऐकत होती. ऐकून झाल्यावर म्हणाली, "तू कोनाची गं?"

मी वडिलांचं गाव सांगितलं, गोरेगावच्या अलीकडचं, आणि कळपाची खूण सांगितली. उजव्या कानाला खालून खाच.

"व्हय की," ती म्हणाली. "माझ्या मावशीची मेंढरं त्येच्या कळपात हुती. लई वर्सं. एक कोकरू इकडचं तिकडं न्हाई." मग तिनं विचारलं, "मी खरं सांगितलं तर साहेबाला नेतील?"

"नेतील."

"तुला लेकरं?"

"एक पोरगी. शिकून राहिली."

तिनं मान हलवली. काय हिशोब केला तिनं, कुणास ठाऊक. पदराची गाठ सोडली. तोच भंडारा होता, आठवडाभर तसाच बांधून ठेवलेला. मला वाटलं ती तो लिंबाच्या बुडाशी टाकून देणार. तिनं चिमूट घेतली आणि माझ्या कपाळाला लावली. तिची बोटं खरखरीत होती.

"जा घरी," ती म्हणाली. "वाड्यावर हायत म्हनलं की झालं न्हवं? म्हनते मी."

"माय, मी तुमाला तसं म्हणा म्हणून न्हाई आले—"

"ठावं हाय." आणि ती परत जीपकडे वळली. ती उतरली होती तीच जीप, अजून निघाली नव्हती.

खटला चालायला कितीतरी वर्षं गेली. मुलगी मास्तरीण झाली, तिचं लग्न झालं, हे निवृत्तीला आले. घोंगडं मी पेटीत ठेवून दिलं होतं. आमच्यात त्या विषयावर पुन्हा बोलणं झालं नाही, पण एकमेकांशी सरळ बोलणंही झालं नाही. मीठ आहे का, दार लावलं का, एवढंच.

शेवटी हिंगोलीच्या कोर्टात साक्षी सुरू झाल्या. या वेळी मी गेले, मागच्या बाकावर बसले. तिला मी आधी ओळखलंच नाही, इतकी वाकली होती. पिंजऱ्यात उभं राहायला तिला शिपायानं हात दिला. सरकारी वकील तरुण होता, घाईत होता.

"मेंढ्या मिळाल्या होत्या का?"

"मिळाल्या."

"मग पथक आलं तेव्हा घरी का नव्हत्या?"

"वाट्यानं दिल्या हुत्या. वाड्यावर."

त्यानं आणखी एक-दोन गोष्टी विचारल्या आणि बसला. लोकरीचं विचारलं नाही. त्याला ते सुचणार कुठून? खोलीत ते दोघींनाच सुचलं असतं, आणि त्यातली एक पिंजऱ्यात उभी होती. हे आरोपीच्या बाकावर मान खाली घालून बसले होते. तिनं ना त्यांच्याकडे बघितलं, ना माझ्याकडे.

साक्ष संपली. मी बाहेर आले. कोर्टाच्या आवारात रांजण होता, त्यातून मी गडवाभर पाणी घेतलं. ती पायऱ्यांच्या सावलीत बसली होती, काठी मांडीवर आडवी. मी तिच्यापुढं गडवा धरला.

तिनं लगेच घेतला नाही. आधी इकडं बघितलं, तिकडं बघितलं, दारातल्या पोलिसाकडं बघितलं. मग हळू आवाजात मला विचारलं, "आता चालतंय न्हवं, बाई?"

मी म्हटलं, "चालतंय, माय."

मग ती पाणी प्याली.